धर्माच्या रकान्यात काय लिहायचे?

जनगणनेच्या वेळी घरोघर फिरणारा प्रगणक बहुधा प्राथमिक शाळेतला शिक्षक असतो, नाही तर एखाद्या कचेरीतला कारकून. वणी तालुक्यातील राजूरसारख्या गावी त्याला भेटणारी कुटुंबे एकाच मुशीतली नसतात. यवतमाळ जिल्ह्याच्या या कोळसापट्ट्यात खाणीच्या कामाला निरनिराळ्या प्रांतांतून माणसे आली आणि स्थायिक झाली. आसपासच्या खेड्यांतील शेतकरी आहेत, बौद्ध वस्त्या आहेत, आणि गोंड, परधान, कोलाम ही या भूमीची जुनी माणसेही आहेत. प्रगणक नाव विचारतो, वय विचारतो, शिक्षण विचारतो. पुढे 'धर्म' हा रकाना येतो. गोंडाच्या किंवा कोलामाच्या दारी आल्यावर हा प्रश्न विचारलाच जात नाही, उत्तर आधीच लिहून टाकले जाते, ही आदिवासी संघटनांची तक्रार आजची नाही.

वरकरणी ही बाब किरकोळ वाटेल. परंतु तिच्यामागे एक मोठा प्रश्न उभा आहे. आदिवासींच्या श्रद्धांना धर्म म्हणायचे की नाही, म्हणायचे तर त्याचे नाव काय, आणि हे ठरविण्याचा अधिकार कोणाचा? मिशनचा, सरकारचा, बहुसंख्य समाजाचा, की ज्यांच्या त्या श्रद्धा आहेत त्यांचा? गेली दीडशे वर्षे हाच प्रश्न आफ्रिका खंडात ख्रिस्ती चर्च आणि तेथील पारंपरिक धर्म यांच्यात धुमसत राहिला. तिकडे त्याची जी उत्तरे निघाली ती विदर्भातील विचारी माणसाने समजून घेण्याजोगी आहेत. कारण दोन्हीकडच्या गैरसमजाचे मूळ एकच आहे.

एका शब्दाचे दोन खंडांवर राज्य

ई. बी. टायलर या इंग्रज मानवशास्त्रज्ञाने १८७१ साली आपल्या 'प्रिमिटिव्ह कल्चर' या ग्रंथात 'अ‍ॅनिमिझम' ही संज्ञा रूढ केली. मराठीत तिला 'जडप्राणवाद' असा प्रतिशब्द आहे. झाडात, दगडात, पशूत आत्मा वास करतो ही समजूत म्हणजे धर्माची अगदी पहिली पायरी, असा टायलर यांचा सिद्धान्त होता. ग्रंथातली ही संज्ञा लवकरच व्यवहारात आली. १९१० साली एडिंबरो येथे भरलेल्या जागतिक मिशनरी परिषदेने अख्रिस्ती धर्मांचा आढावा घेतला, तेव्हा चीन, जपान, इस्लाम आणि हिंदू धर्म यांच्या जोडीला 'जडप्राणवादी धर्म' असा एक विभाग करण्यात आला. आफ्रिकेतील शेकडो जमातींच्या भिन्न भिन्न श्रद्धा या एका पोत्यात भरल्या गेल्या. तेथील अनेक मिशनऱ्यांचे मत असे होते की, ज्यावर ख्रिस्ती श्रद्धेची इमारत उभारता येईल असे त्यांत काही नाही; जमीन साफ करूनच पाया घालावा लागेल.

हीच संज्ञा आपल्याकडे जनगणनेच्या वाटेने आली. १९०१ व १९११ च्या जनगणनांत आदिवासींची नोंद 'अ‍ॅनिमिस्ट' म्हणून झाली. १९३१ साली तिच्या जागी 'जमातींचे धर्म' असा शब्दप्रयोग आला. स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या, १९५१ च्या जनगणनेपासून हा स्वतंत्र रकाना गेला. 'अ‍ॅनिमिस्ट' हा शब्द तुच्छतादर्शक होता आणि तो गेला हे योग्यच झाले. परंतु त्याच्याबरोबर त्या लोकांचा वेगळेपणाही कागदावरून पुसला गेला. परकीय राज्यकर्त्याने चुकीचे नाव दिले, स्वकीयांनी नावच दिले नाही, एवढाच काय तो फरक.

या वादात आपल्या विद्वानांनीही बाजू घेतल्या होत्या. मुंबई विद्यापीठाचे समाजशास्त्रज्ञ गो. स. घुर्ये यांनी १९४३ साली ग्रंथ लिहून आदिवासी हे 'मागासलेले हिंदू' होत असे प्रतिपादन केले. उलट बाजूस व्हेरिअर एल्विन होते. १९२७ साली ख्रिस्त सेवा संघाच्या कार्यासाठी पुण्याला आलेला हा धर्मोपदेशक १९३२ पासून मंडला भागातील गोंडांत राहू लागला आणि पुढे चर्चमधूनच बाहेर पडला. मिशनने आदिवासींच्या जीवनात हस्तक्षेप करू नये असे सांगणारा हा माणूस स्वतः मिशनमधून आलेला होता. घुर्ये आणि एल्विन यांच्या वादात दोघेही आदिवासींविषयी बोलत होते. आदिवासी स्वतः त्या वादात बोलताना दिसत नाही.

हिस्लॉपने टिपलेले गीत

त्याआधीची एक घटना विदर्भात घडलेली असून ती आपल्याला फारशी ठाऊक नाही. स्कॉटलंडच्या फ्री चर्चचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप १८४५ साली नागपूरला आले. पुढच्याच वर्षी त्यांनी शाळा काढली. नागपूरचे हिस्लॉप कॉलेज त्यांच्याच नावाने ओळखले जाते. भूगर्भशास्त्राचा त्यांना व्यासंग होता आणि नागपूर परिसरातील जीवाश्मांवरील त्यांचे काम नावाजले गेले. आलेल्या कामाबरोबरच त्यांनी आणखी एक गोष्ट केली. गोंडांच्या देवकार्यात गाणाऱ्या परधानाच्या तोंडून त्यांनी लिंगोचे दीर्घ गीत गोंडी भाषेत उतरवून घेतले. ४ सप्टेंबर १८६३ रोजी टाकळघाटजवळ पाणी ओलांडताना हिस्लॉप बुडून मरण पावले. त्यांच्या मागे राहिलेली टिपणे मध्यप्रांताचे चीफ कमिशनर रिचर्ड टेंपल यांनी संपादित करून १८६६ साली छापली, आणि फुलातून जन्मलेल्या लिंगोची, कोंडून ठेवलेल्या गोंडांच्या मुक्ततेची कथा प्रथमच ग्रंथरूप झाली.

या घटनेतील विसंगती ध्यानात घ्यावी. ज्या धर्माच्या जागी आपला धर्म यावा म्हणून हिस्लॉप सातासमुद्रांपलीकडून आले, त्याच धर्माचे पवित्र आख्यान जतन करण्याचे श्रेय त्यांच्याकडे जाते. मंडला येथील मिशनरी विल्यमसन यांनी १८९० साली गोंडीचे व्याकरण व शब्दसंग्रह प्रसिद्ध केला, तो शुभवर्तमान गोंडीत आणण्याच्या खटाटोपातूनच. हेतू धर्मप्रसाराचा होता हे कोणी नाकारणार नाही. तथापि त्याच काळात नागपूर-वऱ्हाडातील सुशिक्षित मराठी समाजाने गोंडी शिकण्याचे किंवा परधानाचे गीत उतरवून घेण्याचे किती कष्ट घेतले, हा प्रश्न आपण स्वतःलाच विचारावयास हवा. मिशनऱ्याला नावे ठेवणे सोपे असते. त्याने जे केले ते आपण का केले नाही याचे उत्तर देणे अवघड असते.

आफ्रिकेचा धडा

असाच विरोधाभास आफ्रिकेत फार मोठ्या प्रमाणावर घडला. पश्चिम आफ्रिकेतील योरुबा जमातीचा एक मुलगा गुलामांच्या व्यापाऱ्यांनी पकडला. १८२२ साली इंग्रज आरमाराने जहाज अडवून त्याची सुटका केली. सॅम्युएल अजयी क्राउथर हे त्याचे पुढचे नाव. १८६४ साली तो अँग्लिकन चर्चचा पहिला आफ्रिकी बिशप झाला. योरुबा बायबल मुख्यत्वे त्याच्या परिश्रमाचे फळ. भाषांतर करताना परमेश्वराला काय म्हणावे हा पेच त्याच्यापुढे पडलाच होता. उत्तर योरुबांच्या श्रद्धेतच सापडले: आकाशाचा स्वामी 'ओलोरुन' हे नाव घेतले गेले. मात्र त्याच बायबलात सैतानासाठी 'एशू' हे नाव वापरले गेले. योरुबांचा एशू हा काही सैतान नव्हे. तो देवांचा निरोप्या, वाटेवरचा आणि चौरस्त्यावरचा खोडकर देव. एका देवाला सिंहासन आणि दुसऱ्याला नरक अशी वाटणी एका भाषांतराने केली. आज सामान्य योरुबा ख्रिस्ती माणसाच्या मनात एशूची जी प्रतिमा आहे ती त्याच्या पूर्वजांची नाही.

इतरत्रही असेच झाले. घानात अकान लोकांचा 'न्यामे', पूर्व आफ्रिकेत 'मुलुंगू', त्स्वाना व सोथो भाषांत 'मोदिमो' ही परमेश्वराची जुनी नावे चर्चच्या प्रार्थनेत आली. गांबियात जन्मलेले अभ्यासक लामिन सॅने यांनी १९८९ च्या आपल्या ग्रंथात असे दाखवून दिले की, बायबल स्थानिक भाषेत आणताच मिशनऱ्याच्या हातातून सूत्र सुटले. त्याने भाषा लिहिली, व्याकरण बांधले, शब्दकोश केला; आणि त्याच भाषेच्या बळावर आफ्रिकी माणूस मिशनऱ्यालाच प्रश्न विचारू लागला. जुन्या करारात अब्राहाम आणि याकोब यांना अनेक बायका आहेत, मग आम्हांला बाप्तिस्म्यासाठी घरातली बायको का हाकलावी लागते? १८८८ च्या लँबेथ परिषदेने बहुपत्नीक पुरुषाला बाप्तिस्मा नाकारला होता. अटी घालून का होईना तो देण्याचा ठराव त्याच परिषदेला बरोबर शंभर वर्षांनी, १९८८ साली करावा लागला.

ज्यांना प्रश्नांची उत्तरे मिळाली नाहीत त्यांनी आपली चर्चे काढली. बेल्जियन काँगोत सायमन किंबांगू या उपदेशकाने १९२१ साली काही महिने लोकांना रोगमुक्तीचा आणि प्रार्थनेचा मार्ग सांगितला. वसाहतीच्या सरकारने त्याला तुरुंगात टाकले. तेथेच १९५१ साली त्याचा अंत झाला. त्याच्या नावाचे चर्च लाखो लोकांचे झाले आणि १९६९ साली जागतिक चर्च परिषदेत त्याला प्रवेश मिळाला. १९०० च्या सुमारास आफ्रिकेत सुमारे एक कोटी ख्रिस्ती होते. आज ती संख्या साठ कोटींच्या पुढे गेली आहे. ही वाढ बव्हंशी परकीय मिशनरी गेल्यानंतर, आफ्रिकी उपदेशकांच्या हातून झाली.

पण या यशाची किंमत कोणी दिली? चिनुआ अचेबे यांच्या १९५८ च्या कादंबरीने ती जगाला दाखविली. इग्बो खेड्यात चर्च आले, आणि ज्यांना गावाने दूर लोटले होते ते प्रथम त्यात गेले, हे अचेबे प्रांजळपणे सांगतात. चर्चने गाव फोडले हे खरे, पण गावात भेग आधीच होती हेही तितकेच खरे. ही दोन्ही सत्ये एकत्र धरण्याचे धैर्य आपल्याकडच्या धर्मांतरविषयक चर्चेत क्वचित दिसते.

पारंपरिक धर्माला प्रतिष्ठा मिळवून देण्याचे काम पुढे चर्चमध्येच वाढलेल्या आफ्रिकी विद्वानांनी केले. नायजेरियाचे मेथडिस्ट धर्मपंडित बोलाजी इदोवू यांनी १९६२ साली योरुबांच्या परमेश्वरकल्पनेवर ग्रंथ लिहिला. केनियाचे अँग्लिकन धर्मगुरू जॉन म्बिती यांचा 'आफ्रिकन रिलिजन्स अँड फिलॉसॉफी' हा ग्रंथ १९६९ साली आला. ज्यांची आठवण काढणारे कोणी जिवंत आहे ते पूर्वज पूर्णपणे मेलेले नसतात, ही आफ्रिकी धारणा त्यांनी जगाच्या ध्यानी आणून दिली. पुढे राज्यसंस्थाही जागी झाली. बेनिन या देशात वोदुन धर्मासाठी १० जानेवारी हा दिवस सार्वजनिक सुटीचा ठरला, आणि १९९३ साली पोप दुसरे जॉन पॉल यांनी त्या देशात वोदुन पुजाऱ्यांची भेट घेतली. ज्या धर्माला शतकभर भुताखेतांचा बाजार म्हटले गेले त्याच्याशी बसून बोलण्याची वेळ रोमवर आली.

पेनगंगेच्या अलीकडे-पलीकडे

आता आपल्या जिल्ह्याकडे वळू. वणी, झरी जामणी, केळापूर या तालुक्यांतून पेनगंगा ओलांडली की आदिलाबाद लागते. सीमेची रेषा राज्यांची आहे, गोंडांची नाही. पौष अमावास्येला केसलापूरच्या नागोबाच्या जत्रेत मेश्राम कुळाचे लोक गोदावरीचे पाणी पायी घेऊन येतात, तेव्हा यवतमाळ-चंद्रपूरकडची माणसेही तेथे असतात. माघ पौर्णिमेला गोंदिया जिल्ह्यातील कचारगडच्या गुहेकडे लोटणाऱ्या गर्दीतही ती असतात.

या धर्माला मंदिरही नाही आणि पोथीही नाही, असे म्हणून त्याला धर्म मानावयास नकार दिला जातो. परंतु त्याची रचना पाहिली तर ती कोणत्याही पोथीइतकी काटेकोर आहे. पारी कुपार लिंगोने गोंडांची सगांमध्ये विभागणी केली: चारदेवे, पाचदेवे, सहादेवे, सातदेवे. एका सगातील मुलामुलींचा विवाह होत नाही. प्रत्येक कुळाचा पर्सा पेन, म्हणजे थोरला देव, लोखंडी भाल्याच्या पात्याच्या आणि चवरीच्या रूपाने जतन केलेला असतो. मेलेला माणूस विधिपूर्वक त्या पेनाशी मिळविला जातो. त्यानंतर तो परका राहत नाही, कुळाच्या देवात सामील होतो. म्बितींचे पूर्वज आणि गोंडांचा पेन यांच्यात सहस्रावधी मैलांचे अंतर आहे, पण कल्पना किती जवळची! ही सारी परंपरा परधान किंगरीवर गाऊन सांगतो. परधान हा गोंडांचा पुराणिक, वंशावळकार आणि देवकार्याचा गायक. कोलामांची भाषा वेगळी, भीमदेवाची उपासना वेगळी. तरी गोंडांच्या ग्रामदेवतांच्या पूजेसाठी पुष्कळ ठिकाणी कोलामच बोलावला जातो, म्हणून त्याचे नावच 'पुजारी' पडले. अशी परस्परांची धार्मिक वाटणी असलेल्या समाजाला धर्म नाही असे म्हणणे म्हणजे डोळ्यांवर पट्टी बांधणे होय.

ख्रिस्ती मिशनचा यवतमाळशी संबंध जुना आहे. अमेरिकेतील फ्री मेथडिस्ट चर्चने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून या भागात काम केले. उमरीच्या दवाखान्याने अनेक खेड्यांची सेवा केली. धर्मोपदेशक घडविणारी युनियन बिब्लिकल सेमिनरी १९५३ ते १९८३ अशी तीस वर्षे यवतमाळ शहरात होती. नंतर ती पुण्याला गेली. इतके असूनही जिल्ह्यातील ख्रिस्ती समाज अगदी थोडा राहिला. म्हणजे आफ्रिकेत जे घडले ते येथे घडले नाही. मराठी भाषेत मात्र ख्रिस्ती धर्माने एतद्देशीय वेश घेतला होता. फादर स्टीफन्स यांनी १६१६ साली ओवीत ख्रिस्तपुराण छापले. १८९५ साली बाप्तिस्मा घेतलेले रेव्हरंड ना. वा. टिळक तुकोबांच्या वाटेने ख्रिस्तापर्यंत पोहोचले आणि अखेरीस १९१७ साली मिशनची चाकरी सोडून 'देवाचा दरबार' भरविण्यास निघाले. टिळकांनी मराठी मनासाठी जे केले तसे काही गोंडी मनासाठी विदर्भात झाले नाही.

मग गोंडांची किंगरी कोणी मुकी केली? तिचा दोष मिशनच्या माथी मारता येत नाही. जंगलाचे कायदे आले, जमिनी गेल्या, खाणी आल्या. मुले मराठी शाळेत गेली आणि गोंडी घरातल्या म्हाताऱ्यांपुरती उरली. शिकलेल्या परधानाला किंगरी हे मागासलेपणाचे चिन्ह वाटू लागले, कारण आपण, म्हणजे मराठी सुशिक्षितांनी, त्याला तसे वाटावयास लावले. शाळेच्या भिंतीवर सगळ्या देवदेवतांच्या तसबिरी असतात. लिंगो आणि जंगो रायताड यांची नावे शिक्षकालाही ठाऊक नसतात. धर्मांतर केवळ बाप्तिस्म्यानेच होते असे नाही. कोणी काही न विचारता, काही न सांगता, पिढी दोन पिढ्यांत माणूस आपल्या देवांची नावे विसरतो, त्याचीही गणना त्यातच करावी लागेल.

दोन दाखले, एकच वर्ष

धर्मांतराविषयी विदर्भाला कोणी नव्याने शिकवावे असे नाही. १९५६ हे एकच वर्ष पाहावे. यवतमाळ तेव्हा मध्यप्रदेशात होते. मिशनरी कार्याच्या चौकशीसाठी त्या राज्याने १९५४ साली नेमलेल्या समितीने १९५६ साली आपला अहवाल दिला. नागपूर उच्च न्यायालयाचे माजी मुख्य न्यायाधीश भवानीशंकर नियोगी हे समितीचे अध्यक्ष होते. प्रलोभनाने आणि दबावाने होणाऱ्या धर्मांतराविरुद्ध अहवालाने कडक शिफारशी केल्या. पुढे मध्यप्रदेशाने १९६८ साली धर्मस्वातंत्र्याचा जो कायदा केला, त्याची बीजे येथे आहेत. त्याच वर्षी १४ ऑक्टोबरला त्याच नागपुरात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लाखो अनुयायांसह बौद्ध धम्माची दीक्षा घेतली. आणि दीक्षा घेणाऱ्यांत स्वतः नियोगीही होते.

या दोन घटना शेजारीशेजारी ठेवल्या म्हणजे धर्मांतर म्हणजे केवळ फसवणूक हे समीकरण टिकत नाही. जो माणूस विचार करून, आत्मसन्मानासाठी धर्म बदलतो त्याची सदसद्विवेकबुद्धी घटनेने संरक्षिली आहे. तसेच दुसऱ्याचे अज्ञान किंवा दारिद्र्य यांचा फायदा घेऊन धर्म बदलविणे हा धर्मप्रसाराच्या हक्काचा भाग नव्हे. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले आहे. एखाद्या कोलाम पोडावर कोणी प्रार्थनासभेला जात असेल तर त्याला त्याचा हक्क आहे, आणि शेजारच्या घरी भीमदेवाची पूजा होत असेल तर तिला सैतानाची पूजा म्हणण्याचा हक्क कोणालाही नाही. योरुबांच्या एशूची कथा चर्चने विसरू नये.

आता एक मागणी जोराने पुढे येते: ज्या आदिवासींनी धर्म बदलला त्यांना अनुसूचित जमातीच्या यादीतून वगळावे. यात एक मोठी तर्कदुष्टता आहे. पारंपरिक धर्म सोडला म्हणून शिक्षा करावयाची तर तो पारंपरिक धर्म कोणता हे आधी मान्य करावे लागेल. ज्याला जनगणनेत रकाना नाही तो धर्म सोडल्याचा गुन्हा कसा सिद्ध होणार? दुसरे असे की, अनुसूचित जातींसारखी धर्माची अट जमातींच्या यादीला घातलेलीच नाही. १९५५ चा हिंदू विवाह कायदा तर केंद्र सरकारने तशी अधिसूचना काढल्याखेरीज अनुसूचित जमातींना लागूच होत नाही. लग्नाच्या वेळी कायदा ज्यांना वेगळे मानतो, त्यांना मोजणीच्या वेळी वेगळे न मानण्याचे कारण काय, हे एकदा कोणी तरी समजावून सांगावे.

कर्तव्य कोणाचे?

स्वतंत्र रकान्याविरुद्ध काही आक्षेप घेतले जातात आणि ते सरळसरळ फेटाळण्याजोगे नाहीत. आदिवासींत एक नाव नाही; झारखंडात सरना म्हणतात, गोंड कोया पुनेम म्हणतात, भिलांचे वेगळे, कोलामांचे वेगळे. शिवाय स्वतःला हिंदू मानणारे असंख्य गोंड आहेत. शतकानुशतके पंढरीला, महादेवाला जाणाऱ्यांना तुम्ही हिंदू नाही असे सांगणे हीही जबरदस्तीच. हे आक्षेप खरे आहेत. परंतु त्यांचे उत्तर 'विचारूच नका' हे असू शकत नाही. २०११ च्या जनगणनेत कोणताही रकाना नसताना सुमारे एकोणपन्नास लाख लोकांनी आपला धर्म सरना असा सांगितला आणि दहा लाखांहून अधिक लोकांनी गोंड अथवा गोंडी असा लिहवून घेतला. झारखंडच्या विधानसभेने नोव्हेंबर २०२० मध्ये सरना धर्माच्या स्वतंत्र नोंदीचा ठराव केला. ही काही मूठभर शिकलेल्यांची हौस नव्हे.

आफ्रिकेचा अनुभव येथे उपयोगी पडतो. तेथेही पारंपरिक धर्म एक नव्हता, शेकडो होते. म्हणूनच म्बितींनी आपल्या ग्रंथाच्या नावात 'धर्म' हा शब्द अनेकवचनी योजला. नावांची अनेकता ही अडचण न मानता त्यांनी ती वस्तुस्थिती म्हणून स्वीकारली.

आता प्रगणकाकडे परत येऊ. २०११ च्या तक्त्यात धर्माचे नाव पूर्ण लिहावयाचे होते. हिंदू, मुस्लिम, ख्रिस्ती, शीख, बौद्ध आणि जैन या सहा धर्मांना संकेतांक होते. इतर कोणताही धर्म सांगितला तर संकेतांक न देता त्याचे नाव जसेच्या तसे लिहावे अशी सूचना होती. म्हणजे नियमाने वाट ठेविलेली होती. ती वापरली जाते की नाही हे दारात उभ्या असलेल्या शिक्षकाच्या हाती होते. १ मार्च २०२७ हा संदर्भदिन ठरलेल्या जनगणनेतही ते त्याच्याच हाती आहे. यंत्रावर बोट ठेवून माहिती भरली तरी प्रश्न तोंडानेच विचारावा लागतो.

म्हणून शिक्षकांना आणि कचेरीतील बंधूंना विनंती आहे ती एवढीच: प्रश्न विचारावा, थांबावे, आणि जे उत्तर येईल ते लिहावे. कोणी हिंदू म्हणेल, कोणी ख्रिस्ती म्हणेल, कोणी कोया पुनेम म्हणेल, एखादी म्हातारी नुसते 'आमचा पेन' म्हणेल. त्यांपैकी काहीही दुरुस्त करण्याचा अधिकार आपल्याला नाही.

त्यापलीकडे शाळेचेही एक काम आहे. कोमरम भीमच्या १९४० च्या उठावानंतर हैदराबाद संस्थानने पाठविलेले मानववंशशास्त्रज्ञ हायमेनडॉर्फ यांनी आदिलाबादेत मार्लवाई येथे गोंड शिक्षक घडविण्याचे केंद्र काढले आणि देवनागरी लिपीत गोंडी वाचनपाठ तयार करविले. हे पेनगंगेच्या पलीकडे, सत्तरऐंशी वर्षांपूर्वी झाले; आणि लिपी आपलीच होती. यवतमाळचे व्यंकटेश आत्राम आणि नागपूरचे मोतीरावण कंगाली यांनी गोंडी संस्कृती व धर्मविचार यांवर ग्रंथ लिहून ठेविले आहेत. ते जिल्ह्यातील किती शाळांच्या कपाटात आहेत? राजूरच्या वर्गात बसलेल्या मडावी, आत्राम, टेकाम या मुलांना त्यांच्या आडनावामागचा पेन कोणता, हे एकदा तरी त्यांच्याच आजोबांकडून विचारून येण्यास सांगावे. ज्या दिवशी ती मुले उत्तर घेऊन येतील, त्या दिवशी शिक्षकालाही पुष्कळ काही शिकावयास मिळेल. हिस्लॉपसाठी गाणारा परधान नागपूर प्रांतात कोठे तरी भेटला होता. आपल्यासाठी तो अजून गावात आहे, फार काळ मात्र नसेल.